तात्यांची वाकडी कात्री

नीरजाने आजवर कितीतरी चित्रांची कुळं शोधून काढली होती. चित्र कोणी काढलं, कोणाच्या भिंतीवरून कोणाकडे गेलं, हे पुराव्यानिशी सांगणं हाच तिचा पेशा. ती 'नाही' म्हणाली की मोठमोठे संग्राहकही गप्प बसत. पण मुंबईच्या एका कलादालनात 'कशेळीची खाडी' हे चित्र पाहिलं आणि तिने पाटी दोनदा वाचली. पाटीवर नाव एका नामवंत चित्रकाराचं. चित्र तिच्या वडिलांचं.

तात्या, म्हणजे केसरीनाथ टिपणीस, भिवंडीच्या शाळेत चित्रकला शिकवत. चित्रावर कधी सही करत नसत. हे चित्र त्यांनी एका मित्राला लग्नात आहेर दिलं होतं. तिथून ते कुठे कुठे फिरलं, देव जाणे. तात्यांना जाऊन अजून वर्ष झालं नव्हतं.

"मॅडम, एरवी तुमचा शब्द अखेरचा," दालनाचे मालक आल्हाद म्हणाले. "पण इथे तुम्ही मुलगी."

"मग माझा शब्द धरूच नका. चित्र घेऊन भिवंडीला घरी या."

आल्हाद आले ते कशेळीच्या ट्रॅफिकला शिव्या घालतच. "चित्रात किती शांत आहे हो खाडी!"

"चित्रात काठावरची आताची गोदामं नाहीत," नीरजाची आई, माधवी, म्हणाली आणि चहा टाकायला आत गेली.

नीरजाने भिंतीवरचं आईचं तरुणपणीचं चित्र उतरवलं. दोन्ही चित्रं टेबलावर पालथी घालून कडेचे खिळे उपसले. तात्यांनी कॅनव्हास कधी विकत आणला नाही. लूमवर वीण बिघडलेलं कापड ते मागून आणत आणि घरीच कात्रीने कापत. दोन्ही कापडांत एक विरळ उभी रेघ होती.

"ताण्याचा धागा तुटला की अशी रेघ पडते."

"अशा रेघा भिवंडीत हजार सापडतील, मॅडम."

"सापडतील. आता कड बघा."

एका कापडाची कड कापता कापता घसरली होती, मध्येच अडखळून पुन्हा वर चढली होती. नीरजाने दुसऱ्याची कड तिला भिडवली. कुठेही फट राहिली नाही. रेघ एका कापडातून दुसऱ्यात थेट चालत गेली.

माधवी चहा घेऊन आली. "जन्मभर सांगितलं, अहो, कापड शिंप्याकडे द्या. ऐकतील तर ना!"

आल्हादांनी तिचं चित्र सुलटं केलं. चित्रातल्या हनुवटीवरचा तीळ समोरच्या हनुवटीवरही होता. "आणि हे नक्की तात्यांनीच...?"

"मग काय, तुमच्या त्या नामवंतांपुढे बसले होते मी?"

आल्हाद मोठ्याने हसले. मग खुर्चीतून उठून त्यांनी माधवीला नमस्कार केला. "पाटी उद्याच बदलतो. नाव सांगा."

"केसरीनाथ टिपणीस, भिवंडी," नीरजा म्हणाली. वाकड्या कडेवरून तिने एकदा बोट फिरवलं आणि हातोडी उचलली.

"सरळ ठोक गं," माधवी म्हणाली. "हात त्यांच्यावरच गेलाय तुझा."