लायसन्स परत करायचंय

आर्डिसनं लायसन्स साखरेच्या डब्याला टेकवून उभं केलं, चष्मा नाकावर ओढला आणि भिंतीवरच्या फोनवरून राजधानीचा नंबर फिरवला. पलीकडे बराच वेळ घंटी वाजत राहिली. लायसन्सवरच्या फोटोतली आर्डिस नुकती सत्तरीला आलेली होती. ओठ घट्ट मिटलेले, आणि शाळेची बस चालवणाऱ्या बाईची ती सगळ्या पोरांवर एकदम असलेली नजर.

“सेक्रेटरी ऑफ स्टेटचं ऑफिस. पाकू बोलतेय.”

“हं. लायसन्सचं एक काम होतं. आणि माझी एक छोटी कंपनी आहे, ती बंद करायचीय. दोन्ही एकदमच होईल ना?”

पलीकडची मुलगी हसू दाबत असावी.

“मॅडम, तुम्ही मूळच्या इलिनॉयच्या का?”

“तुला गं काय माहीत?”

“तिकडचेच लोक लायसन्ससाठी आम्हाला फोन करतात. तुमच्याकडे सेक्रेटरीच सगळं बघतो ना! इथे विस्कॉन्सिनमध्ये लायसन्सचं खातं वेगळं, कंपन्यांचं वेगळं.”

“मग तुमचा सेक्रेटरी करतो काय?”

“राज्याची मोहर सांभाळतो.”

“नुसती मोहर?”

“चांगली जड आहे, मॅडम.”

आर्डिसला हसू आलं. निवृत्त झाल्यावर ती इलिनॉयमधल्या फ्रीपोर्टहून बहिणीच्या रिकाम्या झालेल्या घरात राहायला आली, तेव्हा जिल्ह्याच्या कचेरीत तळघरातल्या एका काउंटरवर तिनं इथलं लायसन्स काढलं होतं. ते काउंटर कुठल्या खात्याचं, हे विचारायचं तिच्या मनातही आलं नव्हतं. सरहद्दीपलीकडे जन्मभर तिच्या लायसन्सवर सेक्रेटरीचं नाव छापलेलं असायचं. सूर्य जसा पूर्वेला उगवतो तसं लायसन्स सेक्रेटरीकडे, असा तिचा हिशेब.

“नंबर देते मी. लायसन्स नवीन करायचंय ना?”

“नाही. परत करायचंय.”



“म्हणजे... डॉक्टरांनी सांगितलं का? की मुलांनी?”

“मुलं नाहीत. डॉक्टरांना मी विचारलंच नाही. रविवारी चर्चला एकटीच निघाले होते, तर शेजारणीची रस्त्याकडेची टपालपेटी आडवी केली.”

“टपालपेटी काय, मॅडम, कुणाकडूनही पडते.”

“मला ती दिसलीच नाही, पोरी. पडल्याचा आवाज आला, तेव्हा कळलं तिथं पेटी आहे.”

आपण हे कुणालातरी मोठ्यानं सांगितलं, याचंच आर्डिसला नवल वाटलं. उजव्या डोळ्यावर कधीपासून साय धरली होती. ती काळजीपूर्वक, कुणाला कळू न देता, मान जरा जास्त वळवून गाडी चालवत आली होती.

“माझ्या वडिलांच्या हातातून किल्ल्या काढून घ्यायला माझे तिन्ही भाऊ लागले,” पाकू हळूच म्हणाली. “एकाशी ते अजून बोलत नाहीत. तुम्ही स्वतःहून देताय हे आज घरी सांगितलं तर चालेल?”

“सांग की. पण त्यांना टोमणा मारायला नको सांगूस.”

पाकूनं दोन्ही खात्यांचे नंबर दोनदा वाचून दाखवले. तळघरातलं काउंटर आठवड्यातून दोनच दिवस उघडतं, तेही सांगितलं. फोन ठेवता ठेवता तिनं विचारलं, “आणि लायसन्स देऊन झाल्यावर घरी कशा याल?”

हा विचार आर्डिसनं केलाच नव्हता. तिनं खिडकीतून बाहेर पाहिलं. अंगणात तिची निळी व्हॅन उभी होती, आणि पलीकडे, ओट्सच्या हिरव्या शेतामागं, बोर्नट्रेगरांचं पांढरं घर.

तिची कंपनी म्हणजे ती निळी व्हॅन, दुसरं काही नाही. बोर्नट्रेगर आमिश, जुन्या चालीनं राहणारे, घोड्याच्या बग्गीतून फिरणारे ख्रिस्ती. त्यांच्या पंथात मोटार चालवणं बसत नाही. दुसऱ्याच्या मोटारीत बसायला मात्र हरकत नसते. त्यामुळे आसपासच्या आमिश घरांना दवाखान्यात, लाकडाच्या वखारीत, लांबच्या नातेवाइकांकडे मैलामागं पैसे घेऊन आर्डिसच नेत असे. मेनो बोर्नट्रेगरची म्हातारी आई, ॲना, दर गुरुवारी रक्त तपासून घ्यायला शहरात जायची. मागच्या सीटवर बसून वाटभर विणत राहायची, आणि उतरताना न चुकता म्हणायची, “छान आणलंस.” आर्डिसला एवढंच पुरे होतं. शाळेची बस तिनं जन्मभर चालवली, एक ओरखडा येऊ दिला नव्हता. ती कुणाच्या तरी उपयोगाची होती, आणि ते उपयोगाचं असणं त्या स्टिअरिंगपाशीच होतं. लायसन्स गेलं की उरायचं काय, या भीतीनंच तर तिनं एप्रिलपासून तोंड शिवून ठेवलं होतं.

एप्रिलमधल्या त्या सकाळी धुकं होतं, हे खरं. पण सगळा दोष धुक्याचा नव्हता. चार रस्त्यांच्या नाक्यावर ती थांबली, दोन्हीकडे पाहिलं असं तिला वाटलं, आणि गाडी पुढे काढली. पुढच्याच क्षणी उजवीकडून काचेसमोर घोड्याची छाती आली. पाय आपोआप ब्रेकवर गेला. घोडा मागच्या पायांवर उभा राहिला, आणि आर्डिसला त्याच्या पोटावरचे ओले केस दिसले, झिजलेले नाल दिसले, वर कुठंतरी धुक्यात त्याचं डोकं. केवढा प्राणी होता तो! मग खुरं खाली आली, बॉनेटला न लागता, डांबरावर. त्यानंतर जी शांतता पसरली, तशी शांतता तिनं चर्चमध्येही कधी अनुभवली नव्हती.

बग्गीत मेनो होता, आणि त्याची चार वर्षांची मुलगी. पोर डोळे मोठे करून आर्डिसकडे बघत होती. मेनो उतरला. आधी घोड्याच्या कपाळावर हात ठेवून त्याच्याशी काहीतरी बोलला, मग तिच्या खिडकीशी आला. आता तो जे म्हणेल ते ऐकून घ्यायचं, असं ठरवून तिनं काच खाली केली.

“हात थरथरतायत तुमचे, आर्डिसबाई. बसा जरा. मग सावकाश जा.”

तिनं नुसती मान हलवली.

“गुरुवारी आईला न्यायचंय. लक्षात आहे ना?” एवढं बोलून तो बग्गीत चढला.

ती कितीतरी वेळ तिथंच बसून रडली. माणूस एवढं मोठं मन आणतो कुठून, हे तिला आजवर उमगलेलं नव्हतं.

त्या गुरुवारी ॲनाबरोबर मेनोही आला. पेरणीचे दिवस, तरी आला, आणि हॅट मांडीवर घेऊन पुढच्या सीटवर, तिच्या उजव्या हाताला बसला. त्यानंतर एकही गुरुवार त्यानं चुकवला नाही. आणि या माणसाला झालं काय कुणास ठाऊक, त्याला कंठच फुटला. एरवी शब्दाला शब्द न जोडणारा मेनो आपल्या खिडकीतून बाहेर बघत वाटभर बोलत राही.

“हॅन्सनचा ट्रॅक्टर निघालाय बघा शेतातून. येतोय आता रस्त्यावर.”

“हं.”

“शाळेची पोरं. सायकलवर दोघं, अगदी कडेनं चाललीयत.”

“हं.”

“दुधाचा टँकर आज लवकर आला. थांबत नाही वाटतं तो.”

“हं,” आर्डिस म्हणे, आणि वेग कमी करी. तिला वाटलं, झाल्या प्रकाराचं ओझं आपल्या मनावर राहू नये म्हणून बिचारा गप्पा मारतोय. गाडीही इतकी बिनचूक चालत होती की डोळ्याला तसं काही झालेलं नसावं, असं ती स्वतःला समजावू लागली होती. मग तो रविवार आला, आणि ती टपालपेटी.

संध्याकाळी ती शेताच्या कडेनं चालत बोर्नट्रेगरांकडे गेली. मेनो गोठ्यासमोर दुधाच्या कॅन धूत होता.

“मी लायसन्स परत करतेय,” ती म्हणाली. “गाडी व्हर्नाला देतेय चालवायला. तिनं इतकी वर्षं या रस्त्यांवर टपाल वाटलंय, तुझ्या आईला ती नीट नेईल. तिचीच पेटी पाडली मी, तरी हो म्हणाली.”

मेनोनं कॅन पालथी घातली. त्याच्या चेहऱ्यावर नवल नव्हतं, सुटकाही नव्हती.

“कधी जायचंय?”

“उद्याच. मन फिरायच्या आत.”

“मी नेतो.”

“आणि मैलाचा दर?”

“तुमचाच लावीन,” तो म्हणाला, आणि दाढीतल्या दाढीत हसला.

सकाळी बग्गी दारात आली. घोडा तोच होता. आर्डिसनं धीर करून त्याच्या कपाळावर हात ठेवला. ते गरम होतं, टणक होतं. त्यानं तिला ओळखलं की नाही कोण जाणे, पण मान काही झटकली नाही. ती वर चढून बसली. मेनो तिच्या उजव्या हाताला बसला. पर्समध्ये लायसन्स होतं.

गाडीतून पटकन मागं पडणारा रस्ता आज सावकाश, एकेक कुंपण दाखवत चालला होता. हॅन्सनचं शेत आलं. ट्रॅक्टर बांधावर उभा होता. मेनो काही बोलला नाही. शाळेपाशी पोरं सायकली ढकलत होती. मेनो गप्पच. नाका आला, तिथं त्यानं घोडा थांबवला, दोन्हीकडे पाहिलं, पुढे काढला. एक अक्षर नाही. आर्डिस त्याच्या बडबडीची वाट बघत होती. आपल्याला तिची एवढी सवय झालीय, हे तिला आत्ता कळलं.

“काय रे, आज गप्पसा?”

मेनोनं लगाम जरासा सैल केला.

“आज मी चालवतोय ना.”

आर्डिस समोर बघत राहिली. ट्रॅक्टर, सायकलवरची पोरं, न थांबणारा टँकर, सगळे गुरुवार एकामागून एक तिच्यासमोरून जाऊ लागले. त्यातलं काहीच तिनं पाहिलं नव्हतं. तिनं ते फक्त ऐकलं होतं. आणि मागच्या सीटवर ॲना विणत बसली होती, सगळं ठाऊक असून. आभार मानावेत तर कसे मानावेत, आर्डिसला सुचेना.

पुढे चढावाच्या माथ्यावर, डावीकडच्या आडरस्त्यानं, एक ट्रक उतरताना तिला दिसला.

“ट्रक येतोय,” ती म्हणाली. “डावीकडून.”

मेनोनं ट्रककडे पाहिलं नाही.

“हं,” तो म्हणाला, आणि घोड्याचा वेग कमी केला.