कौल माझा नव्हता

मी कौलाची फाक बोलतेय. घाबरू नका, तुमचं भविष्य सांगायला आलेली नाही. ते मला कधीच कळलं नाही. ज्यांना वाटलं की मला कळतं, त्यांनीच माझ्या जन्माचं मातेरं केलं.

बांबूच्या बुंध्याशी, मातीत, जो गाठाळ गड्डा असतो, त्यातून मी निघाले. चीनमधल्या फुजियानच्या किनाऱ्यावर, खाडीकाठी आमचं दर्यादेवीचं देऊळ. तिथला पुजारी थियाम काका. त्यानं तो गड्डा उकरला, मधोमध चिरला आणि त्याच्या दोन फाका केल्या. संत्र्याची फाक पाहिलीय ना? तोच आकार, एक बाजू सपाट, दुसरी फुगीर. एक मी, दुसरी माझी जुळी बहीण. काकानं आम्हाला तासलं, घासलं, तेल पाजलं आणि देवीपुढच्या चौरंगावर ठेवलं. "आजपासून देवी तुमच्या तोंडून बोलणार हं," तो म्हणाला. मी नवी होते, अगदी फुलून गेले. मूर्ख कुठली!

काम साधं होतं. माणसानं गुडघे टेकायचे, नाव-गाव सांगून प्रश्न विचारायचा आणि आम्हा दोघींना ओंजळीतून जमिनीवर टाकायचं. एकीची सपाट आणि एकीची फुगीर बाजू वर आली, की देवी 'हो' म्हणाली. दोघींची फुगीर बाजू वर आली, की 'नाही'. दोघींची सपाट वर आली तर देवी हसली, म्हणजे प्रश्न नीट विचार. बस्स, एवढीच आमची विद्या. बाकी सगळी अक्कल तुमची.

आणि काय एकेक अक्कल! कोळी यायचे. आज होडी लोटू का? 'नाही' आलं की डोकं खाजवायचे. बरं, जेवून लोटू का? पुन्हा 'नाही'. बरं, धाकटी होडी नेऊ का? आमच्याकडे रिवाजच तसा, अट बदलली की प्रश्न नवा, आणि नवा प्रश्न विचारायला कोणाची मनाई नाही. आता लाकडाची फाक ती, कधी ना कधी हवी तशी पडणारच. पडली की सगळे खूश, देवीनंच सांगितलं म्हणून! होडी बुडाली तर मात्र सगळं खापर माझ्या डोक्यावर.

वरच्या आळीत खो घराण्याचं घर होतं. घरात एक म्हातारी, तिची सून बी-हुन आणि छोटी नात स्यू-गेक. म्हातारीचा मुलगा समुद्रापलीकडे कथिलाच्या खाणीत कामाला गेला, तो तिकडचाच झाला. ना निरोप, ना माणूस. बी-हुन कोळ्यांची जाळी विणून घर चालवायची. देवळात यायची तेव्हा पोर बरोबर असायचीच. आई डोकं टेकवी तोवर ही आम्हा दोघींना उचलून फरशीवर होड्या होड्या खेळायची. "अगं कार्टे, देवीची जीभ आहे ती!" काका ओरडायचा, पण काढून कधी घ्यायचा नाही. तिच्या हातात मला बरं वाटायचं, कारण ती काही विचारायची नाही.

म्हातारीला मात्र एकच घोर लागला होता. घरात मुलगा नाही, मग पूर्वजांच्या नावाच्या लाकडी पाट्यांपुढे उदबत्ती कोण लावणार? तिनं मनाशी ठरवूनच टाकलं, बहिणीचा नातू दत्तक घ्यायचा आणि स्यू-गेकला खाडीपलीकडे देऊन टाकायची. आमच्याकडे मुलगी लहानपणीच सून म्हणून देतात. ती त्याच घरात वाढते, राबते, आणि मोठी झाली की तिथल्याच मुलाशी तिचं लग्न लागतं.

एके सकाळी तिघी देवळात आल्या. बी-हुनचे डोळे सुजलेले होते.

"आई, मी दुप्पट जाळी विणीन. माझ्या ताटातलं कमी करा, पण पोरीला नका हो देऊ!"

"आणि मी मेल्यावर मला पाणी कोण देणार? ही टिनपाट?" म्हातारी म्हणाली. "शिवाय मी कुठं देतेय? देवीला विचारू. देवी म्हणेल ते."

ते ऐकून बी-हुनचा चेहरा एकदम उजळला. देवीवर तिचा भारी भरवसा. देवी आईच की, आईला आईचं कळणार नाही का?

म्हातारीनं गुडघे टेकले. "मिठागरवाल्या तानांच्या घरी पोर द्यावी?" आम्ही पडलो, दोघी सपाट वर.

"हसली! देवी खूश आहे."

"वहिनी, हसली म्हणजे प्रश्न नीट नाही," काका म्हणाला.

मग सुरू झालं. आत्ताच द्यावी? 'नाही'. कंदिलांच्या सणानंतर द्यावी? 'नाही'. तान नकोत, तेलवाल्या लिमांकडे द्यावी? देवी हसली. पोरीबरोबर दोन कोंबड्या दिल्या तर? 'नाही'. म्हातारीला घाम फुटला.

"आज देवीचं डोकं ठिकाणावर नाही."

"वहिनी, जीभ आवरा!"

शेवटी तिनं आम्हाला फरशीवर आपटलं. "राहू दे मग! बसा मायलेकी माझ्या उरावर!"

बी-हुन जिंकली होती हो! पोरीला काखोटीला मारून तिनं तडक घर गाठायला हवं होतं. पण आमच्या बायकांची एक समजूत आहे. 'नाही' सुटं सोडायचं नाही, त्याला 'हो'ची गाठ मारून घ्यायची, तरच देवीचा शब्द पक्का. म्हणून ती पुढे झाली. पोरीचं भलं पक्कं करायला गेली बिचारी. तिनं आम्हाला ओंजळीत घेतलं, कपाळाला लावलं.

"देवी, माझी स्यू-गेक माझ्याजवळच राहू दे ना?"

आणि तिनं टाकलं.

माझी बहीण आधी टेकली, फुगीर बाजू वर. मी गिरकी घेतली, गडगडत उंबऱ्यापर्यंत गेले. मला सपाट बाजू वर करून पडायचं होतं, जीव तोडून पडायचं होतं. पण जीव तोडायला तो असावा लागतो. मी थांबले, फुगीर बाजू वर.

"बघ!" म्हातारी ताडकन उठली. "तुझ्याच हातून आलं! आता काय म्हणणं आहे तुझं?"

"वहिनी, द्यायलाही नाही आणि ठेवायलाही नाही," काका गडबडीनं म्हणाला. "म्हणजे देवीनं उत्तरच दिलेलं नाही. सूनबाईला पुन्हा विचारू द्या."

"पुन्हा? देवीला काय भाजीवाली समजलात घासाघीस करायला?"

हे कोण म्हणत होतं पाहा! मला तोंड असतं तर तिथंच थुंकले असते.

काकानं आम्हाला उचलून बी-हुनपुढे धरलं. "टाक पोरी, मी आहे." तिनं हात पुढे केला आणि मागे घेतला. "मीच विचारलं, काका. मीच टाकलं. आता नको म्हणाले तर देवी खोटी ठरेल." देवी खोटी ठरू नये म्हणून तिनं पोटचा गोळा दिला. तिच्या भाबडेपणाचा मला आजही संताप येतो.

पोर नवा सदरा घालून तानांच्या होडीत बसली. तिला वाटलं, जत्रेला चाललोय. काठावरच्या आईला ती वळून वळून हात हलवत होती.

आमच्याकडे दिलेल्या मुलीच्या घरी आईनं जायचं नसतं, पोर रुळत नाही म्हणे. बी-हुन गेली नाही. दत्तक नातू आला, मिसरूड फुटताच तोही समुद्रापलीकडे पळाला. म्हातारी मेली. पाट्यांपुढे आता बी-हुनच उदबत्ती लावते. रोज संध्याकाळी येऊन ती देऊळ झाडते. आम्हाला उचलून खालची राख पुसते, परत ठेवते. विचारत मात्र काही नाही.

आता परवाची गोष्ट. भर दुपारी एक बाई आली. मिठानं हात चिरलेले, कानशिलाशी केस पिकलेले. काका आता पार थकलाय, पण त्यानं तिला ओळखलं.

"स्यू-गेक?"

"हो. सासू वारली माझी, आता अडवणारं कोणी नाही. काका, ती जन्मभर मला ऐकवायची. भात करपला की म्हणायची, तुझ्या आईला तू नकोशी होतीस, तिनंच तिच्या हातानं कौल टाकून तुला दिलं. हे खरं आहे का?"

"बाई गं, तसं नाही ते! आई आहे अजून, वर जा. दिसत नाही तिला फारसं, पण आवाज ओळखेल. तिलाच विचार."

"ती रडेल. रडणाऱ्या बाईचं खरं-खोटं मला काय कळणार? देवी खोटं बोलत नाही."

"पोरी, ऐक माझं..."

तिनं ऐकलं नाही. आईचीच लेक ती. गुडघे टेकून तिनं आम्हाला उचललं. "देवी, मी नकोशी होते म्हणून आईनं मला दिलं का?"

आम्ही पडलो. एक सपाट, एक फुगीर. 'हो'.

काका म्हणत होता, अगं, त्या दिवशी असं झालं, तसं झालं. तिनं मान हलवली, गाठोडं सोडलं. आईसाठी आणलेल्या तिळाच्या वड्या देवीपुढे ठेवल्या आणि आल्या होडीनं परत गेली. काका पायरीवरून हाका मारत राहिला, पण वारा उलटा होता.

संध्याकाळी बी-हुन झाडायला आली. चाचपताना तिच्या हाताला वड्या लागल्या.

"कोण आलं होतं, काका?"

"असंच कोणी... पलीकडच्या काठची बाई."

"पलीकडची?" तिचा झाडू थांबला. "अहो, विचारायचं नाही का, तानांकडची सून बरी आहे का म्हणून?"

काकानं तोंड फिरवलं. "विचारलं. मजेत आहे म्हणाली. तुझी आठवण काढते म्हणे."

बी-हुन मटकन खालीच बसली आणि हसली, दात नसलेल्या तोंडानं. मग चाचपडत तिनं मला शोधलं, दोन्ही हातांत घेतलं आणि कपाळाला लावलं. "देवीनं तेव्हा बरोबरच सांगितलं होतं," ती म्हणाली. "मी उगाच इतकी वर्षं मनात कुढत राहिले."

माणसांनो, एवढं तरी ऐका माझं. तुम्हाला तोंड आहे, कान आहेत, पाय आहेत आणि वरच्या आळीपर्यंत जाणारी वाट आहे. मला नका विचारू. मला चुलीत घाला. निदान कोणाचा भात तरी शिजेल.