गोळ्या वाढल्या

मालिनीच्या घरात कधी काही संपत नसे. तांदूळ वाढत, मीठ वाढे, तेल वाढे. डबा खडखडीत रिकामा झाला तरी 'संपलं' म्हणायचं नाही, 'वाढलं' म्हणायचं, हे तिच्या आईने साताऱ्यात शिकवलं होतं आणि मालिनीने ते अमेरिकेत ॲन आर्बरपर्यंत जपून आणलं होतं. एक वेळ ती पासपोर्ट विसरली असती, हे नाही. पंधरा वर्षांची दीपा इथेच जन्मलेली. ती हसायची. "आई, फ्रिजमध्ये मिल्क नाही आणि तू म्हणतेस दूध वाढलं? दॅट्स द ऑपोझिट!"

आज शनिवार. दिवाळी तीन दिवसांवर आली होती, आणि डायनिंग टेबलावर फराळाच्या ताटांच्या जागी वर्तमानपत्र पसरून बंदूक आडवी पडली होती. बघूनच मालिनीचं डोकं तडकत होतं.

ही ब्याद शेजारच्या वॉल्टरची. दोन वर्षांपूर्वी तो फ्लोरिडाला राहायला गेला आणि जाताना तिच्या नवऱ्याच्या, श्रीरंगच्या गळ्यात ही हरणं मारायची जुनी रायफल घालून गेला. श्रीरंग भूलतज्ज्ञ. हॉस्पिटलात पेशंटच्या नळ्या तीनतीनदा तपासणारा माणूस, पण घरी आला की त्याला वाटायचं, सगळं आपल्याला जन्मतःच येतं. गेल्या नोव्हेंबरात तो वर उत्तरेला मित्रांबरोबर शिकारीला गेला, चार दिवस पावसात भिजला, हरणाची शेपटीही न बघता परत आला आणि बंदूक तशीच कपाटात टाकून दिली. आता येत्या शुक्रवारी सीझन सुरू होत होता. आणि या वेळी म्हणे दीपालाही जायचं होतं!

दीपाने त्यासाठी सहा शनिवार बंदूक सुरक्षित हाताळायचा कोर्स केला होता. मालिनीने एकच अट घातली होती. "माझ्या डोळ्यांसमोर साफ करा. काही चुकलं नाही तर पोरगी येईल. चुकलं तर ती घरी. हुज्जत घालायची नाही." गोळ्यांचं खोकं तिने स्वयंपाकघरातल्या कपाटात कुलपात ठेवलं होतं आणि किल्ली केव्हाच साखरेच्या डब्यात टाकली होती. जिथे बंदूक तिथे गोळ्या नकोत, हे तिला कोर्स न करताही कळत होतं.

"नळीचं तोंड फायरप्लेसच्या विटांकडे," दीपा म्हणाली.

"हो गं बाई, हो." श्रीरंगने बंदूक फिरवली. खालची लोखंडी कडी पुढे ढकलली, मागे ओढली. ही कडी म्हणजे लिव्हर. नळीखाली दुसरी एक लांब नळी असते, तिच्यात गोळ्या एकामागे एक झोपलेल्या असतात, आणि लिव्हर हलवली की त्यातली पुढची गोळी वर येते. त्याने तीनदा हलवली. काहीच आलं नाही. "रिकामी. बघितलंस?"

"बाबा, फॉलोअर दिसतोय का?"

"काय दिसतोय?"

"गोळ्यांना मागून ढकलणारा तो दट्ट्या. खालच्या नळीच्या तोंडाशी तो दिसला पाहिजे. नाहीतर आत काहीतरी असू शकतं. आणि बोट घालून बघायचं. मग मोठ्याने म्हणायचं. आमचा इन्स्ट्रक्टर म्हणतो, मनातल्या मनात म्हटलेलं काउंट होत नाही."

"दीपा, गेल्या वर्षी मीच भरली, मीच उडवली. पाच भरल्या, पाच पुठ्ठ्यावर मारल्या. आता काय भूत भरणार आहे का आत?"

दीपाने मान खाली घातली. मालिनीला ते आवडलं नाही, पण ती बोलली नाही. नवऱ्याला पोरीसमोर टोकायचं नाही, हीही आईचीच शिकवण. आईच्या शिकवणीचं ओझं किती वाहायचं, हे तिला चाळिशी उलटली तरी ठरवता आलं नव्हतं.

श्रीरंगने लिव्हरचा स्क्रू काढला. लिव्हर सुटली, नळी मागून बंद करणारा लांबट बोल्ट बाहेर आला, गोळी बाहेर फेकणारी एक बारीक पट्टी निघाली. ती हरवली तर बंदूक लाकूडच, असं दीपा म्हणाली आणि तिने ती चहाच्या बशीत ठेवली. मग गजाला चिंधी लावून मागच्या बाजूने नळी पुसली. पहिली चिंधी काळीकुट्ट निघाली, दुसरी तपकिरी, पाचवी जराशी मळकी. त्याने तेल सोडलं, जरा जास्तच. बंदूक आडवी-उभी करून टेबलावर दोनदा ठोकली, गंज झटकायला.

"हळू हो! टेबल माझं आहे," मालिनी म्हणाली.

अर्ध्या तासात सगळं पुन्हा जागच्या जागी बसलं. शेवटचा स्क्रू पिळताना नीट दिसेना म्हणून श्रीरंग खिडकीकडे वळला. वळला तो माणूस, पण त्याच्याबरोबर नळीही वळली.

"मालिनी, जरा बघ गं, खोक्यात गोळ्या आहेत का, की नवीन आणाव्या लागतील?"

ती आत गेली. साखरेतून किल्ली काढली, कपाट उघडलं, खोकं हलवलं. आत एकही नव्हती. खोकं हातात घेऊन ती स्वयंपाकघराच्या दारात आली आणि तिथेच खिळली. नळीचं काळं भोक नेमकं तिच्या पोटाच्या उंचीवर होतं. श्रीरंग आपल्या नादात, तेल पसरावं म्हणून लिव्हर खटाखट हलवत होता. एकदा, दोनदा, तीनदा. लिव्हर बंद झाली, घोडा वर चढलेला राहिला.

"आता नुसता टक् करून घोडा खाली घेतो, की झालं काम," तो म्हणाला आणि बोट चापाकडे नेलं. "काय गं, गोळ्या?"

अहो, तोंड इकडे आहे, हे तिच्या जिभेवर आलं होतं. पण प्रश्न आधी आला होता, आणि चाळीस वर्षांची सवय तिच्याआधी बोलली.

"वाढल्या."

"काय?" दीपा खुर्ची पाडून उठली. "वाढल्या? मोअर? कुठे मोअर? बाबा, स्टॉप! बोट काढा!"

तिने बापाचं मनगट धरलं आणि नळी विटांकडे ढकलली. बोट सुटलं. श्रीरंग आधी दचकला आणि मग खो खो हसत सुटला. "अगं वेडे, वाढल्या म्हणजे संपल्या! इतकी वर्षं ऐकतेस. खोक्यातल्या संपल्या!"

दीपाचा चेहरा लाल झाला. ती जाम खजील झाली होती, पण तिने मनगट सोडलं नाही. "मग उघडून दाखवा. सावकाश. एकदाच."

"तुझ्या समाधानासाठी हां," म्हणत त्याने लिव्हर पुढे ढकलली.

पितळी गोळी टपकन बाहेर पडली, वर्तमानपत्रावरून गडगडत गेली आणि चहाच्या बशीला टेकून थांबली.

श्रीरंगने बंदूक टेबलावर ठेवली, तो खुर्चीत बसला आणि त्याने हात मांड्यांखाली दाबून धरले. "पाचव्यांदा आवाज झालाच नाही," तो पुटपुटला. "मला वाटलं, मीच चुकीचं मोजलं. खालच्या नळीत गंजाने धरून ठेवली असणार. आत्ता तेल लागलं, मी ठोकली, आणि..." त्याने दाराकडे पाहिलं. मालिनी अजून तिथेच, खोकं पोटाशी धरून उभी होती. "देऊन टाकतो मी ही. कुणालाही देऊन टाकतो. आपण नाही जायचं."

मालिनीला रडू आलं आणि त्याहून जास्त राग आला. नवऱ्याचा आला, त्या वॉल्टरचा आला आणि सगळ्यात जास्त स्वतःचा. नळी दिसत होती, तोंड उघडलं होतं, आणि शब्द कुठला निघाला? ती पोरगी चुकीचं समजली म्हणून आपण उभ्या आहोत. नीट समजली असती तर?

तिने खोकं ओट्यावर ठेवलं आणि टेबलाशी आली. "दीपा, मला दाखव. तुमच्या कोर्सात दाखवतात तसं सगळं."

दीपाने नळी विटांकडे वळवली, लिव्हर उघडी ठेवली, बॅटरी लावली. मालिनीने वाकून पाहिलं. मोकळी, लखलखीत पोकळी. खालच्या नळीच्या तोंडाशी दट्ट्याचं गोल पोलाद स्वच्छ दिसत होतं. तिने करंगळी आत घातली, इकडेतिकडे फिरवली. तेलाखेरीज काही लागलं नाही.

"आता म्हण, आई," दीपा हळूच म्हणाली. "मोठ्याने. दॅट्स द रूल."

दिवाळी तोंडावर होती. भिंतीवर आईचा फोटो होता. मालिनीने त्या फोटोकडे पाहिलं नाही.

"संपल्या," ती म्हणाली. श्रीरंगने मान वर केली. "संपल्या. एकही नाही. ऐकलंत ना? आता तुम्ही बोट घाला आणि तुम्हीही म्हणा."