उडी न मारलेली पाटी

"झाड कधी मेलं हे तुम्हाला माहीत होतं, साहेब. माहीत असून तुम्ही ते लपवलं आणि सडकं लाकूड आमच्या गळ्यात मारलं. तिसऱ्या मजल्यावरून माझा माणूस पडला आहे. त्याची कंबर तुम्ही मोडली."

बाबनराव हे सगळं फोनवर हिंदीत बोलला, कारण साहेब तिकडे वर हिमालयाच्या डोंगरातला, चीडच्या म्हणजे पाइनच्या लाकडाचा लिलाव होतो त्या डेपोवरचा. हिंदीत बाबनरावाला शिव्या झकास येतात. त्या दिवशी एकही तोंडात आली नाही. हुडकेश्वर रस्त्यावरच्या आपल्या टालीत, म्हणजे लाकडाच्या वखारीत, बांधकामाच्या परांचीला भाड्यानं द्यायचे वासे म्हणजे बल्ल्या आणि त्यांवर टाकायच्या फळ्या म्हणजे पाट्या, यांच्या मधोमध तो उभा होता. पायाशी ती पाटी पडली होती, दोन तुकड्यांत. त्याचा पोरगा पंकज ती साइटवरून उचलून घेऊन आला होता.

धड लाकूड मोडतं तेव्हा आधी करकरतं. मग सुतासारखं तंतू तंतू होऊन फाटतं, आणि तेवढ्यात वर उभा असलेला माणूस बाजूला होतो. ही पाटी खारी बिस्किटासारखी मोडली होती. कडा सरळ, तंतू नाही, आवाज तर नाहीच. खाली सिमेंटचा गारा कालवणारी बाई म्हणाली की आधी धोंडबा मिस्त्री दिसला खाली येताना, मग पाटीचे तुकडे.

साहेबानं सगळं ऐकून घेतलं. आवाज चढवला नाही. एवढंच म्हणाला, "आपने पूछा था क्या?" आणि फोन ठेवला.

बाबनराव तसाच फोन कानाला लावून उभा राहिला. त्यानं विचारलं नव्हतं. आणि विचारायची गरजच नव्हती, ही त्याहून वाईट गोष्ट. ती साहेबाला माहीत नव्हती, बाबनरावाला होती.

बाबनराव आणि धोंडबा एका गल्लीतले, उमरेडच्या विणकरांच्या. माग बंद पडले तशी गल्ली पांगली. कोणी कोळशाच्या खाणीत गेला, कोणी एसटीत लागला. धोंडबा नागपूरला येऊन गारा उचलता उचलता मिस्त्री झाला आणि बाबनराव लाकडात शिरला. लाकूड त्याला बापाकडून कळलं होतं. मागावर फणी ज्यात बसते तो हात्या दिवसभर ओढून ओढून विणकराचा खांदा जातो, म्हणून बाप त्यासाठी लाकूड निवडताना तळहातावर तोलायचा, बोटाच्या पेरानं ठोकायचा. जड असलं की म्हणायचा, ओलं आहे, वळेल, ठेव परत. हलकं आणि टणटण वाजणारं घरी आणायचा. बाबनराव पुढं ट्रकच्या ट्रक माल घ्यायला लागला तरी हात बापाचाच चालवत होता. कोणाच्या लक्षात आलं नाही, त्याच्याही नाही, की हात्यावर कोणी उभं राहत नसतं.

पहिल्या खेपेला तो स्वतः वर डोंगरात गेला होता. अख्खा उतार तांबडा झालेला, आग न लागता जळाल्यासारखा. साळीच्या दाण्याहून बारका किडा सालीखाली शिरला आणि एका उन्हाळ्यात सगळी चीड उभ्या उभ्या मेली. किडा येताना आपल्यासोबत बुरशी आणतो. तिच्यानं सालीलगतचं लाकूड निळं पडतं. डेपोवरचे लोक म्हणाले, रंगावर जाऊ नका, ताकद तीच आहे. आणि ते खरं होतं. त्या वर्षी खरं होतं.

नागपुरात मात्र निळी पाटी कोणी घेईना. "बाबनराव, पाट्या नीळ टाकून धुतल्या का?" असं लोक हसायचे. तेव्हा त्यानं टालीत दोन विटा मांडल्या, त्यांच्यावर पाटी आडवी टाकली आणि धोंडबाला बोलावलं. धोंडबा अंगानं आडदांड. चप्पल काढून पाटीवर चढला, म्हणाला, "मोडली तर पैसे मागसान नाई ना, भाऊ?" आणि मधोमध उडी मारली. पाटी वाकली आणि त्याला वर फेकून सरळ झाली. कंत्राटदारांनी तिथल्या तिथं माल उचलला.

तेव्हापासून तो रिवाजच पडला. नवा ट्रक आला की ढिगातून कोणतीही पाटी काढायची, विटांवर टाकायची, धोंडबानं उडी मारायची, सगळ्यांनी चहा प्यायचा, मग माल साइटवर. दुसऱ्या वर्षीचा माल हलका होता. ओंडक्यांना लांब चिरा पडल्या होत्या. बाबनरावानं चिरलेल्या पाट्या जळणात टाकल्या, उरलेल्यांवर धोंडबानं उडी मारली, टिकल्या. लोक सांगायला लागले, निळी पाटी घ्यावी तर बाबनरावाकडची.

आणि मग यंदाची खेप. झाडं तीच, त्याच एका उन्हाळ्यात मेलेली. तोवर ती तशीच उभी होती, पावसात, बर्फात, उन्हात. ओंडके आले ते राखाडी, अंगावर सालीचा तुकडा नाही. पूर्वी चार हमाल लागायचे तिथं दोघांनी हसत हसत ट्रक खाली केला. बाबनरावानं ओंडक्याची एक ढलपी तळहातावर तोलली आणि त्याला बरं वाटलं. अगदी मनापासून बरं वाटलं. बापाला असं लाकूड मिळालं असतं तर त्यानं मारुतीला नारळ फोडला असता.

मग लाकूड कापायच्या आरा मशीनवर ओंडका चढला. चीड कापताना राळेचा वास नाकात बसतो, घरी जाऊन आंघोळ केली तरी जात नाही. त्या दिवशी वासच नव्हता. भुसाही नेहमीसारखा दाणेदार पडेना, पिठासारखा उडायला लागला, सगळे खोकायला लागले. बाबनरावानं चिमूटभर पीठ बोटात चोळून पाहिलं.

"बाबा, वास नाई येऊन राहिला," पंकज म्हणाला.

"तुले सर्दी झाली," बाबनराव म्हणाला.

दुसऱ्या दिवशी टालीत तीन कंत्राटदार उभे होते. धोंडबा आला, सवयीनं विटा मांडल्या, चप्पल काढली. "मारू का उडी, भाऊ?"

"काहून?" बाबनराव म्हणाला. "आता माझ्यावर भरोसा नाई का गा तुले?"

लोक हसले. धोंडबाही हसला. "तुमच्यावर नाई तं कोणावर ठेवू," म्हणाला आणि त्यानं चप्पल घातली.

विटांची उंची वीतभर. तिथून पडला असता तर धोंडबाच्या पायाला खरचटलंही नसतं. फक्त तीन माणसांसमोर पाटी मोडली असती आणि बाबनरावाचं नाव गेलं असतं. ज्याला कळत नाही त्याच्या हातून चूक होते. बाबनरावाला कळलं होतं. त्याच्या हातून झाली ती चूक नव्हे, आणि तिला चूक म्हणणाऱ्यानं एकदा धोंडबाच्या खाटेशी जाऊन यावं.

साहेबानं फोन ठेवल्यावर थोड्या वेळात सुमंत टालीत आला. त्या तीन कंत्राटदारांतला एक, ज्या इमारतीवरून धोंडबा पडला तिचा, प्रताप नगरात राहणारा, शिकलेला इंजिनिअर, माणूस वाईट नाही. दोन तुकड्यांकडे त्यानं पाहिलं आणि नजर काढून घेतली.

"बाबनराव, तुम्ही टेन्शन घेऊ नका. त्यानं बेल्ट बांधला नव्हता. आणि सकाळी थोडी घेतलीही असेल. मी विचारणाऱ्यांना तसंच सांगितलंय."

"धोंडबा पेत नाई."

"तुम्हाला काय माहीत?"

"माह्या गल्लीतला हाये."

"मग काय सांगू? पाटी खराब होती? तुमची पाटी?" सुमंतनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "अहो, तुमच्या शब्दावर त्या दिवशी मी उडीसुद्धा बघितली नाही."

बाबनरावानं मान खाली घातली. खांद्यावरचा हात त्यानं झटकला नाही. सुमंतला वाटलं, ठरलं.

दुपारी बाबनराव मेडिकलला, मोठ्या सरकारी दवाखान्यात गेला. धोंडबा उताणा पडला होता, छातीपर्यंत चादर. कमरेखालचं त्याला काही कळत नव्हतं. डॉक्टर अजून काही सांगत नव्हते. उशाशी त्याची बायको वच्छला टोपलीत संत्री घेऊन बसली होती, सोलायचं विसरून.

"पाय चुकला असन माहा," धोंडबाच आधी बोलला. "एवढ्या वर्साचा मिस्त्री, अन् पोट्ट्यासारखा पडलो. लाज वाटते, भाऊ."

बाबनराव दाराकडे वळला. वच्छलानं त्याला दाराशी गाठलं आणि हळू आवाजात विचारलं, "भाऊ, साइटवरचे लोक म्हनून राहिले का हे पिऊन होते. मले खरं सांगा. तुमच्यासंग बसत होते का कधी? मी नाई बोलणार यायले काही."

इतक्या वर्षांच्या संसारात तिनं असं कधी कोणाला विचारलं नसेल. एका सकाळीत ती विचारायला लागली होती.

"नाई," बाबनराव म्हणाला. "कधीच नाई." पाटीचं मात्र त्यानं सांगितलं नाही.

आतून धोंडबाचा आवाज आला. "भाऊ, बाकी पाट्या बरोबर हायेत ना? आपले पोट्टे चढून राहिले ना त्यायच्यावर."

बाबनराव टालीत परतला तेव्हा रस्त्यावरचं डांबर मऊ झालं होतं. त्यानं पंकजला हाक मारली. दोन विटा मांडल्या. यंदाच्या खेपेतली उरलेली एक पाटी ओढून त्यांच्यावर टाकली आणि चप्पल काढली.

"बाबा, तुमचे गुडघे..." पंकज पुढं आला.

"सरक."

त्यानं उडी मारली. काही ऐकू आलं नाही. तो नुसता जमिनीवर उभा होता, इकडे एक तुकडा, तिकडे एक. दुसरी पाटी टाकली, तीही तशीच गेली. तिसरी टिकली, वाकून त्याला वर फेकलं तिनं, पहिल्या वर्षी धोंडबाला फेकलं होतं तसं. चौथी मोडली. टिकलेल्या तिसरीकडे तो कितीतरी वेळ बघत राहिला. ती मोडलेल्यांसारखीच निळी होती, तेवढीच हलकी, ठोकली तर तशीच वाजत होती. म्हणजे साइटवर चढलेल्या पाट्यांतली कोणती धड आणि कोणती नाही हे आता ब्रह्मदेवालाही सांगता येणार नव्हतं.

"फोन लाव सगळ्यायले," तो पंकजला म्हणाला. "म्हण, माणसं खाली उतरवा. आत्ता. आपली एकही पाटी वर ठेवू नका."

"काय झालं विचारतीन तं?"

"बाबनराव खोटं बोलला म्हणून सांग."

पंकजनं बापाकडे पाहिलं आणि नंबर काढायला लागला.

सुमंतच्या साइटवर बाबनराव स्वतः गेला. दोन पोरं चौथ्या मजल्याच्या भिंतीला प्लास्टर करत होती, त्याच खेपेच्या पाट्यांवर उभी राहून. त्यानं खालून हाक मारली, "उतरा रे पोट्टेहो, भिंत धरून उतरा, उडी मारू नका." त्याचा आवाज ऐकून सुमंत कार्यालयाच्या पत्र्याच्या खोलीतून बाहेर आला.

"काय चालवलंय, बाबनराव? लोकांसमोर तमाशा?"

"लोकायसमोरच सांगतो. धोंडबा पेला नव्हता. पाटी मेलेली होती. अन् मले मालूम होतं."

गारा कालवणाऱ्या बाया थांबल्या. वरची पोरं पाय चाचपत उतरत होती. सुमंत काहीतरी बोलणार होता, पण त्याची नजर त्या पोरांच्या पायांकडे गेली आणि तो तसाच उभा राहिला. उतरल्यावर त्यातल्या एकानं वर पाहिलं आणि मटकन खाली बसला.

दिवस कलताना बाबनराव पुन्हा मेडिकलला. हातात मोडलेल्या पाटीचा तुकडा, फडक्यात गुंडाळलेला. कशाला आणला हे त्याला धड सांगता आलं नसतं. वच्छला बाहेर व्हरांड्यात डबा धूत होती.

त्यानं सगळं सांगितलं. झाडं कशी तांबडी पडली, किडा केवढा असतो, पहिल्या वर्षी लाकूड कसं खणखणीत होतं, मग कसं आतून जात गेलं. डेपोवरचा साहेब दरवर्षी तीच झाडं विकत होता आणि कधी मेली ते सांगत नव्हता. धोंडबा प्यायलेला नव्हता, पाटी मोडली, हे सुमंतसमोर, सगळ्यांसमोर बोलून आलो. साहेबाला सोडत नाही मी, तक्रार करतो, वरपर्यंत जातो, त्यानंच हे...

वच्छलानं डबा पालथा घातला. पदराला हात पुसले. फडक्यातला तुकडा हातात घेऊन तिनं नखानं खरवडला, तशी त्याची पिठी खाली पडली.

"हे प्याले नव्हते एवढं सांगतलं, बरं केलं," ती म्हणाली. "साहेबाचं मंग पाहू, भाऊ. तो डोंगरावर हाये. त्यानं यायले कधी पाह्यलं बी नाई."

"वच्छला..."

"तुमी पाह्यलं. तुमच्या टालीत यायनं चप्पल काढली होती. घरी येऊन सांगतलं मले, आज भाऊनं उडी मारू देल्ली नाई, म्हने आता भाऊच्या नावावरच माल जाते. खुश होते. तुमच्या नावापायी खुश होते हे."

बाबनरावानं भिंतीला हात लावला.

"तवा वीतभर उंच होती पाटी," वच्छला म्हणाली. आवाज तिनं चढवला नव्हता. तिनं तुकडा परत त्याच्या हातात दिला आणि वॉर्डचं दार ढकलून धरलं. आत धोंडबा मान वळवून दाराकडेच बघत होता. "उडी काहून मारू देल्ली नाई? मले नका सांगू. जागे हायेत ते. आत जा अन् त्यायले सांगा. काहून?"