दोनदा सुटलेल्या माणसाची फाइल

मित्रांनो, मी एक जुनी फाइल आहे, वर्ध्याच्या न्यायालयातल्या एका खटल्याची. माझ्यावर नाव आहे हरिदासचं.

हरिदास देवळीजवळच्या एका कापसाच्या गोदामावर राखणदार होता. एका संध्याकाळी गोदाम पेटलं आणि आग त्यानंच लावली, असा आरोप आला. समोरचा दुकानदार म्हणाला, ‘मी दुकानात बसून पाहिलं.’ खटला तीन वर्षं चालला. मी जाडजूड झाले. शेवटी न्यायाधीशांना ती साक्ष पटली नाही. हरिदास निर्दोष सुटला.

जुन्या फायली सांभाळणाऱ्या बंडूजींनी मला हाती घेतलं, तेव्हा घटनास्थळाच्या नकाशाचं पान सुटून लोंबत होतं. त्यांनी ते मायेनं शिवलं.

पुढं सरकारनं नागपूरच्या उच्च न्यायालयात अपील केलं. मलाही तिथं नेलं. हरिदास आणि त्याची बायको सुमित्राबाई आपल्या वकील पौर्णिमाताईंजवळ उभे होते.

"ताई, सुटलो होतो ना मी? मंग पुन्हा काऊन बोलावलं?"

"वरचं कोर्ट निकाल फिरवू शकते, हरिदासभाऊ. पन उगाच नाई. पुराव्यावरून दोन मतं निघत असन, तर सुटकेचंच मत कायम राह्यते. खालच्या कोर्टानं पुरावा पाह्यलाच नसन, नाईतर कोनालेच पटनार नाई असा निकाल देला असन, तरच फिरवते."

"अन् फिरवला तर?" सुमित्राबाईंनी विचारलं.

"तर शिक्षा होईन."

सुमित्राबाईंनी नवऱ्याचा हात धरला, तो सुनावणीभर सोडला नाही.

सरकारी वकील म्हणाले, डोळ्यांनी पाहणाऱ्याची साक्ष डावलली गेली. न्यायमूर्ती माझी पानं उलटत नकाशावर थांबल्या. दुकान आणि गोदामाचं दार यांच्यामध्ये उंच भिंत होती.

"ही भिंत पाहूनच खालच्या न्यायालयानं शंका घेतली. शंका रास्त आहे. आम्हाला वेगळं वाटू शकतं, एवढ्यानं सुटका रद्द होत नाही."

अपील फेटाळलं गेलं.

मी वर्ध्याला परतले, तेव्हा दोघं बंडूजींकडे आले. हरिदासला वाचता येत नव्हतं. बंडूजींनी निकालाची शेवटची ओळ वाचून दाखवली, ‘सुटका कायम.’

"अजून एकदा वाचा न, बंडूजी."

तिसऱ्यांदा ऐकून तो खाली बसला आणि रडला. आरोप आल्यापासून तो गावात मागच्या वाटेनं शिरायचा. सुमित्राबाई म्हणाल्या, "उठा आता. आज बाजारातून जाऊ."

मित्रांनो, आम्हा कागदांना वाळवी लागू देऊ नका. आणि सुटून आलेल्या माणसाकडे बोट दाखवण्याआधी, एकदा आम्हाला उघडून वाचा.