सिरिलच्या खिशातले दात

मी दात बोलतोय. एक नव्हे, वरच्या जबड्याचे सगळे मिळून मी. तुम्ही कवळी म्हणता, म्हणा. खालचा जबडा माझा भाऊ, पण तो पहिल्यापासून सैल. त्याच्याकडून दोन वाक्यं धड यायची नाहीत, म्हणून मीच सांगतो.

शाळा मी पाहिली नाही. ज्याच्या तोंडात राहिलो त्या सिरिल एन्टविसलनेही फारशी पाहिली नव्हती. तेव्हा गोडगोड बोलणं माझ्याकडून मिळणार नाही.

माझा जन्म ओल्डमचा, इंग्लंडातल्या कापडगिरण्यांच्या गावचा. एका दातवाल्याच्या मागच्या खोलीत लाल रबर शिजवून मला घडवलं. सिरिलला एकविसावं लागलं तेव्हा त्याच्या आईने मला वाढदिवसाची भेट म्हणून दिलं. आधी त्याचे स्वतःचे दात उपटले, किडके आणि चांगले, सगळेच. आमच्याकडे तसंच करायचे. एकदाच काय ते दुखायचं आणि मग जन्मभर डोक्याला ताप नाही. मुलीचं लग्न ठरलं की तिचा बापही तेच करायचा, सासरी दातांची कटकट नको म्हणून. सिरिलची नवरी ॲग्नेस, तिच्या बापाने केलं. म्हणजे लग्नात नवरा-नवरी दोघेही हसले ते विकतच्या दातांनी.

गल्लीत सगळ्यांचं सगळ्यांना ठाऊक होतं. पण ठाऊक असणं वेगळं आणि दिसणं वेगळं. बोडकं तोंड कुणी कुणाला दाखवायचं नाही, नवऱ्याने बायकोलाही नाही. सिरिल मला धुवायचा तो मागच्या दाराला कडी लावून. झोपायचा मला तोंडात घेऊनच. पाठ टेकायला मला कधी मिळालं नाही. ॲग्नेस हसताना तोंडावर हात धरायची. शेकोटीच्या सणाला शेजारीण फ्लॉरी काकवीची कडक टॉफी घेऊन यायची, तेव्हा दोघंही म्हणायची, "नंतर खातो हं." टॉफी वर्षानुवर्षं डब्यात पडून राहायची.

दोघं एकाच कापड गिरणीत. ती साच्यांवर, म्हणजे मागांवर, तो साचे दुरुस्त करणारा जॉबर. साच्यांचा खडखडाट असा की शेजारच्याची हाक ऐकू यायची नाही. म्हणून आमच्या गिरणीत ओठांनी बोलायचे. आवाज काढायचाच नाही, नुसते ओठ हलवायचे, मोठे मोठे करून, सगळं तोंड कामाला लावून. बाया खात्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत भांडायच्या, कुचाळक्या करायच्या, सोयरिकी जमवायच्या, सगळं मुक्यानं. सिरिलने ॲग्नेसला मागणी घातली ती अशीच, चार साच्यांच्या पलीकडून. त्या मागणीत मीही होतो, हे विसरू नका.

मग ती गिरणी बंद पडली. ॲग्नेसला दुसरीकडे काम मिळालं, त्याला नाही. गडी दिवसभर खिडकीत बसायचा, बायको डबा घेऊन बाहेर पडली की भिंतीकडे बघायचा. मला चावायला काम नव्हतं, नुसता पाईपचा धूर.

त्या दिवसांत मँचेस्टरला टेलिव्हिजनवाले एका पबची मालिका काढत होते. मागे बसायला न बोलणारी माणसं हवी होती. सिरिल रांगेत उभा राहिला. लंडनहून आलेला दिग्दर्शक, गळ्याला रेशमी रुमाल, त्याने सिरिलला खालीवर बघितलं.

"कोपऱ्यात बसायला म्हातारा हवाय मला. तू फार तरणा."

"चव्वेचाळीस, साहेब."

"दात तुझे?"

"पैसे दिलेत म्हणजे माझेच."

"मग काढ बघू."

"साहेब, आमच्याकडे चारचौघांत काढत नाहीत."

"बरं. पुढचा कोण आहे?"

सिरिलने मला काढलं. मला त्याची बोटं आठवतात, थंड पडली होती. मी बाहेर आलो, भाऊ बाहेर आला आणि त्याचं तोंड असं आत गेलं की माणूस उभ्याउभ्या आजोबा झाला. दिग्दर्शक टाळी वाजवून म्हणाला, "हाच!"

अशी माझ्या मालकाची नटगिरी सुरू झाली. तो पडद्यावर आणि मी बंडीच्या खिशात, रुमालात गुंडाळलेला, पेपरमिंटच्या गोळ्यांना चिकटून. त्याला जे नाव मिळालं ते मी तोंडात नव्हतो म्हणून. माझ्या जागी तुम्ही असता तर कसं वाटलं असतं?

पण माणूस फुलला, हे कबूल करतो. खाटीक हसून जास्तीची कलेजी बांधून द्यायचा. बसमध्ये लोक म्हणायचे, "आजोबा, एकदा ते तोंड करून दाखवा की!" सिरिल ताठ चालायला लागला.

मालिका लागायची शुक्रवारी. घरात मात्र पहिल्याच शुक्रवारी घोटाळा झाला. मी तिथे नव्हतो. जे सांगतो ते ॲग्नेसच्या दातांकडून नंतर ऐकलेलं आहे, आणि त्या बाई खोटं बोलत नाहीत. टेलिव्हिजन गल्लीत एकट्या फ्लॉरीकडे. सगळी गल्ली तिच्या बैठकीत दाटीवाटीने जमली. ॲग्नेस नवी टोपी घालून पुढे बसली. सिरिल तिला म्हणाला होता, "कोपऱ्यात बसायचं काम आहे." बाकीचं बोललाच नव्हता. पडद्यावर तो आला, बोडक्या तोंडाने बिअरचा घोट घेतला, आणि फ्लॉरीचा नवरा हसून हसून खुर्चीवरून पडला.

सिरिल घरी आला तेव्हा मी तोंडात होतो. म्हणजे ऐकून घ्यायला दोघंही.

"एकवीस वर्षं एका बिछान्यात झोपले मी तुझ्याजवळ," ॲग्नेस म्हणाली. "आजारपणं काढली. मला एकदा दाखवलं नाहीस. आणि फ्लॉरीच्या नवऱ्याला दाखवलंस!"

"अगं, काम आहे ते."

"काम! मग सांगता येत नव्हतं? साऱ्या देशाच्या रांगेत मी शेवटची का रे, मेल्या?"

त्यानंतर तिने बोलणं सोडलं. आवाजाने नाही आणि ओठांनीही नाही. ताट पुढे सरकवायची आणि पाठ फिरवायची. दर शुक्रवारी फ्लॉरीकडे मात्र जायची, नाहीतर गल्लीत चर्चा. पण बसायची टेलिव्हिजनकडे पाठ करून, विणकाम घेऊन. सिरिल बाहेर आजोबा म्हणून मिरवायचा आणि घरी वाळत घातलेल्या शर्टासारखा लटकून असायचा. जेवताना मला नीट चावूही द्यायचा नाही.

पावसाळी शरद आला. एका शुक्रवारी पबमधलं मोठं भांडण दाखवायचं होतं. तेव्हा सगळं थेट जायचं. इकडे नट शिंकला की तिकडे देश ऐकणार. पुढे नट-नट्या ओरडत होते, मागे सिरिल. मी खिशात. एकाएकी बंडीखालचं काळीज धडधडायला लागलं. मला वाटलं, गेला माणूस. तो गेला नव्हता. तो कॅमेऱ्याकडे वळला होता आणि बोलत होता. मुक्यानं, गिरणीतल्यासारखा, ओठ मोठे मोठे करून. देशाला वाटलं, म्हातारा हिरड्या चघळतोय. ओल्डमला वाटलं नाही.

तिकडे बैठकीत फ्लॉरीने ॲग्नेसच्या खांद्याला हिसका दिला, हेही मला तिच्या दातांनीच सांगितलं. "अगं बाई, वळ! तुझ्याशी बोलतोय!"

"मी नाही बघणार."

"तुझं नाव घेतलंय त्याने! म्हणतोय, 'ॲग्नेस, आधी तुला दाखवायला हवं होतं. चुकलो.' वळ की गं, बये!"

ॲग्नेस वळली. तिने त्याच्या ओठांवरचं शेवटचं तेवढं वाचलं. "चहा ठेव. आलोच."

सिरिल बसने परतला. बसमध्ये गिरणीच्या चार बाया होत्या, त्या त्याच्याकडे बघून ओठांनीच म्हणाल्या, "जा लवकर." गल्लीच्या तोंडाशी आल्यावर नेहमीसारखा त्याने मला खिशातून काढलं, पुसलं. मग थांबला आणि परत खिशात ठेवलं.

दार ॲग्नेसने उघडलं. चहा ठेवलेला होता. ती त्याच्या बोडक्या तोंडाकडे बघत राहिली, डोळे भरून. मग तिने तोंडावर हात नेला. मला वाटलं, नेहमीसारखं झाकतेय. पण हात खाली आला तेव्हा हातात तिचे दात होते.

"घे," ती बोबडं म्हणाली. "फिटंफाट."

दोघं इतकी हसली की फ्लॉरी भिंतीपलीकडून झाडू आपटायला लागली. ॲग्नेसने दोन ग्लास धुतले, पाणी भरलं, खिडकीत शेजारी शेजारी ठेवले. जन्मल्यापासून पहिल्यांदा मी पाठ टेकली. शेजारच्या ग्लासातल्या बाईंशी ओळख झाली ती तेव्हा.

नटगिरी तिथेच संपली. लँकशायरभरच्या गिरण्यांतून बायांनी स्टुडिओत पत्रं धाडली, "ॲग्नेसने चहा ठेवला का?" दिग्दर्शक लाल झाला. "न बोलायला घेतलं होतं तुला, आणि माझ्या भांडणात घरचं भांडण मिटवतोस?" सिरिल म्हणाला, "हो साहेब, मिटलं." टोपी घालून निघून आला. पुढे शाळेत शिपायाची नोकरी लागली, सुखाने केली. लोक दोन वर्षं ओळखायचे, मग विसरले. त्याने मनाला लावून घेतलं नाही. त्या वर्षी शेकोटीच्या सणाला दोघांनी दात काढून ठेवले आणि डब्यातली सगळी टॉफी चोखून संपवली.

मी कुरकुऱ्या आहे, पण उपकार विसरत नाही. त्या आईचे उपकार, जिने मला विकत घेतलं. त्या खिशाचे, त्या ग्लासाचे. रुमालवाल्या दिग्दर्शकाचेसुद्धा, तो मला काढ म्हणाला नसता तर मी त्या तोंडात नुसता पहारा देत म्हातारा झालो असतो. तुम्हाला एवढंच सांगणं आहे की जगाला तोंड दाखवायचं ते खुशाल दाखवा, पण आधी घरात दाखवा.

गेल्या हिवाळ्यात सिरिल गेला. ॲग्नेस मला हातपिशवीतून त्याच्याकडे घेऊन गेली. अंत्यविधीवाला अदबीने म्हणाला, "मिसेस एन्टविसल, दात आणलेत ना? तोंड फार बसलंय, लोक येतील बघायला."

"बसू दे," ती म्हणाली. "लोकांनी पाहिलंय ते." तिने तोंडावर हात धरला नाही. स्वतःचे दात तिने घरी, ग्लासातच ठेवले होते.

मला मुठीत धरून ती शवपेटीवर वाकली आणि ओठ हलवायला लागली. मुक्यानं, मोठे मोठे करून. अंत्यविधीवाल्याला वाटलं, म्हातारी प्रार्थना म्हणतेय. त्याने मान खाली घातली.

मला ओठांचं कळतं. जन्म गेलाय त्यांच्यामागे.

"चहा ठेव," ती म्हणत होती. "आलेच."