प्रॉसरची मुलं

हिरव्या मुठीवरचा रंग अंगठ्याच्या जागी पार झिजला होता... पारदर्शक पिशवीतली ती बागेची कात्री म्हातारीच्या जेवणाच्या टेबलावर ठेवून इन्स्पेक्टर नोरीन हॅल्सी नुसती त्या झिजेकडे बघत राहिली.

"माझीच आहे," अ‍ॅग्नेस थर्कल म्हणाली. शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेली बाई. नव्या रस्त्यासाठी ओकचं रान तोडायला घेतल्यापासून गावच्या आंदोलनाची सगळी पत्रकं हिच्याच हातची. "कुठं सापडली?"

"खोदयंत्राजवळ, कुंपणाखाली. बाई, तुम्ही बोलाल ते पुरावा म्हणून वापरलं जाईल. वकील हवा असेल तर –"

"वकील कशाला? ब्रेकची नळी मीच कापली. रविवारी. सोमवारी सुट्टी होती, कोण येणार होतं? आणि मंगळवारी चालवायच्या आधी तपासतातच की गं!"

तपासतात. पण काम मागे पडलं म्हणून यंत्रावरच्या ड्रायव्हरला, डडली प्रॉसरला, सुट्टीच्या दिवशीच बोलावलं, त्याने न तपासताच यंत्र सुरू केलं, आणि ते उतारावरून थेट चरात गेलं – तो खाली चिरडून मेला.

नोरीन वाट पाहत होती, रागाची, निदान किवेची तरी. तिचे वडील खाणीत असलंच यंत्र चालवायचे; संध्याकाळी पायरीवर बुटांची तांबडी माती खरवडल्याचा आवाज आला, की आई गॅस पेटवायची, त्याआधी नाही... तेही आठवून झालं, तरी आत काही हललं नाही. बावीस वर्षांच्या नोकरीत मनाला घट्टे पडले असावेत.

"त्या ड्रायव्हरला मुलं होती?" अ‍ॅग्नेसने विचारलं.

"नाही."

कालच नोरीन प्रॉसरच्या घरी जाऊन आली होती. दोघं. थोरला खोलीतून बाहेरच आला नाही. धाकटी जिन्यात टोस्ट खात बसली होती – 'बाबांना वर काढायला क्रेन लागली?' असं तिने अगदी सहज विचारलं होतं.

अ‍ॅग्नेसने डोळे मिटले. "तेवढं तरी बरं झालं," ती पुटपुटली. "चल, कोट घालते."

नोरीन बसूनच राहिली. कोर्टात पहिल्याच दिवशी त्या दोघांची नावं निघतील, आणि ही म्हातारी मान वळवून मला शोधील... संशयिताशी आजवर कधी खोटं बोलले नव्हते मी. आणि आज बोलले ते कुणासाठी – हिच्यासाठी, की ते 'हो' मलाच म्हणायचं नव्हतं म्हणून? छातीत कुठंतरी आता दुखायला लागलं होतं, बारीकसं, सलग. आणि ते कुणासाठी, हे काही तिला कळेना.